याचिका मागे घेताना : इतर उपायांचा हक्क राखण्याचा मार्ग

पालघर जिल्ह्यातील किनारपट्टीने गेल्या साठ वर्षांत जेवढे बदल पाहिले, तेवढे राज्यातील फार थोड्या भागांच्या वाट्यास आले असतील. तारापूर येथे देशातील पहिले अणुविद्युत केंद्र १९६९ साली सुरू झाले. बोईसरलगत महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची औद्योगिक वसाहत उभी राहिली. ठाणे जिल्ह्याचे विभाजन होऊन १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर हा स्वतंत्र जिल्हा अस्तित्वात आला. त्यानंतरच्या काळात मुंबई–वडोदरा द्रुतगती महामार्ग, मुंबई–अहमदाबाद अतिजलद रेल्वे आणि मालवाहतुकीचा समर्पित रेल्वेमार्ग यांसाठी जिल्ह्यातील अनेक गावांच्या जमिनी संपादित झाल्या.

अशी मोठी कामे जेथे होतात, तेथे मोबदला, पुनर्वसन, सांडपाणी, मासेमारीचे नुकसान आणि नोकरीचे हक्क यांविषयीचे वादही निर्माण होतात. त्यांपैकी अनेक वाद न्यायालयापर्यंत जातात. आदिवासी शेतकरी, किनाऱ्यावरील मच्छीमार किंवा वसाहतीतील कामगार यांच्या दृष्टीने न्यायालयाची पायरी चढणे ही सोपी गोष्ट नसते. वर्गणी गोळा करून, कागदपत्रे जमवून आणि पुष्कळ वेळा उसनवारी करून याचिका दाखल केलेली असते. मग सुनावणीच्या दिवशी न्यायालय विचारते, "या तक्रारीसाठी कायद्याने दुसरी व्यवस्था केलेली असताना आपण येथे का आलात?" वकील याचिका मागे घेण्याची परवानगी मागतात, ती मिळते आणि दोन-चार मिनिटांत प्रकरण निकाली निघते.

गावी परतलेला पक्षकार एवढेच सांगतो, की "केस मागे घेतली." परंतु ती कोणत्या शब्दांत मागे घेतली गेली, यावर त्याचा पुढील हक्क शाबूत राहणार की नाही, हे बरेचसे अवलंबून असते. म्हणूनच या विषयाची कायदेशीर बाजू सर्वसामान्य नागरिकांनी समजून घेणे आवश्यक आहे.

दिवाणी दाव्यासंबंधीचा मूळ नियम

दावा मागे घेण्यासंबंधीचा मूळ नियम दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २३, नियम १ मध्ये दिलेला आहे. १९७६ च्या दुरुस्तीने या नियमाची फेररचना करण्यात आली आणि ती १ फेब्रुवारी १९७७ पासून अंमलात आली. या नियमानुसार वादीसमोर दोन वाटा असतात.

पहिली वाट दावा सोडून देण्याची. दावा दाखल केल्यानंतर वादी केव्हाही संपूर्ण दावा किंवा त्यातील काही भाग सोडून देऊ शकतो. त्यासाठी न्यायालयाला कारणे पटवून द्यावी लागत नाहीत. वादीला त्याच्या मनाविरुद्ध दावा चालविण्यास सामान्यतः भाग पाडता येत नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९६७ सालच्या एका निर्णयात स्पष्ट केले आहे. मात्र या वाटेने जाणाऱ्या वादीला त्याच वादविषयावर नवा दावा आणता येत नाही. शिवाय प्रतिवादीचा खर्च देण्याचा आदेशही न्यायालय करू शकते.

दुसरी वाट नवा दावा आणण्याची मुभा घेऊन दावा मागे घेण्याची. ही मुभा वादीने मागितली म्हणून आपोआप मिळत नाही. दाव्यात एखादा औपचारिक दोष असून त्यामुळे तो फेटाळला जाणार आहे, अथवा नवा दावा आणू देण्यास अन्य पुरेसे कारण आहे, अशी न्यायालयाची खात्री व्हावी लागते. अटी घालूनही न्यायालय अशी परवानगी देऊ शकते.

औपचारिक दोष म्हणजे काय, हे व्यवहारातील उदाहरणांवरून लक्षात येईल. शासनाविरुद्ध दावा आणण्यापूर्वी संहितेच्या कलम ८० नुसार दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. ती दिलेलीच नसेल, तर तो असा दोष ठरतो. जमिनीचा गट क्रमांक चुकीचा लिहिला गेला किंवा आवश्यक असलेला हिस्सेदार पक्षकार करावयाचा राहून गेला, तर तेही याच प्रकारात मोडते. याउलट पुरावा कमी पडला, साक्षीदार फिरला किंवा निकाल विरुद्ध जाईल असे वाटू लागले, ही कारणे औपचारिक दोषात बसत नाहीत. खालच्या न्यायालयात हरलेल्या वादीने अपिलाच्या टप्प्यावर येऊन मूळ दावाच मागे घेण्याची मुभा मागितली, तर न्यायालयाने विशेष सावधगिरी बाळगावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली सांगितले आहे. प्रतिवादीला मिळालेला निकाल अशा रीतीने पुसला जाणे न्याय्य नाही, हा त्यामागील विचार आहे.

याच नियमातील आणखी दोन तरतुदी ग्रामीण कुटुंबांच्या दृष्टीने महत्त्वाच्या आहेत. सातबाराच्या उताऱ्यावर अनेक हिस्सेदारांची नावे असतात आणि दावाही सर्वांनी मिळून आणलेला असतो. त्यांपैकी एकालाच इतरांच्या संमतीशिवाय दावा सोडून देण्याची किंवा मुभा घेऊन मागे घेण्याची परवानगी न्यायालय देऊ शकत नाही. वादींमध्ये अज्ञान मूल असेल, तर त्याच्या वतीने दावा सोडण्यास न्यायालयाची परवानगी लागते. त्या अर्जासोबत वादमित्राचे शपथपत्र जोडावे लागते. वकील नेमलेला असल्यास, दावा सोडणे मुलाच्या हिताचे आहे, असे वकिलाचे प्रमाणपत्रही द्यावे लागते.

रिट याचिकेची स्थिती

संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जी याचिका केली जाते, तिला सामान्य व्यवहारात रिट याचिका म्हणतात. दिवाणी प्रक्रिया संहितेतील नियम या याचिकेला जसेच्या तसे लागू होत नाहीत. कलम १४१ ला १९७६ साली जोडलेल्या स्पष्टीकरणाने ही बाब निश्चित झाली. मग मुभा न घेता मागे घेतलेली रिट याचिका पुन्हा दाखल करता येते काय, असा प्रश्न उभा राहिला.

या प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर १९८६ मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस या प्रकरणात दिले. मध्य प्रदेशातील प्रवासी वाहतुकीच्या परवान्यासंबंधीचा हा वाद होता. वाहतूक संस्थेने राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात याचिका केली, ती मुभा न मागता मागे घेतली आणि नंतर त्याच आदेशाविरुद्ध दुसरी याचिका दाखल केली. उच्च न्यायालयाने ती फेटाळली व सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. न्यायमूर्ती ई. एस. वेंकटरामय्या यांनी दिलेल्या या निकालाचे सार असे, की संहितेतील नियम शब्दशः लागू नसला तरी त्यामागील तत्त्व सार्वजनिक धोरण म्हणून रिट याचिकांनाही लागू केले पाहिजे. तसे न केल्यास एका खंडपीठाचा कल प्रतिकूल दिसताच याचिका काढून घ्यावयाची आणि पुढे दुसऱ्या खंडपीठापुढे नशीब अजमावयाचे, या प्रवृत्तीस आळा बसणार नाही.

त्याच निकालाची दुसरी बाजू मात्र अनेकदा दुर्लक्षित राहते. मुभा न घेता याचिका मागे घेणाऱ्याने अनुच्छेद २२६ खालील उपाय त्या वादकारणापुरता सोडून दिला, असे मानले जाईल. परंतु दिवाणी दाव्यासारखे अन्य उपाय त्याला उपलब्ध राहू शकतील, असे न्यायालयाने नमूद केले. याचे कारण असे, की मागे घेतलेल्या याचिकेत वादाच्या गुणावगुणांवर कोणताही निर्णय झालेला नसतो. एखाद्या व्यक्तीच्या बेकायदेशीर अटकेसंबंधीची बंदी प्रत्यक्षीकरणाची याचिका किंवा व्यक्तिस्वातंत्र्याची अंमलबजावणी मागणारी याचिका यांचा विचार वेगळ्या पायावर करावा लागेल, असेही तेथे सांगण्यात आले.

निर्णय झालेला नसणे या मुद्द्याचे महत्त्व त्याच्या पंचवीस वर्षे आधीच सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने विशद केले होते. दर्याव विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या १९६१ सालच्या प्रकरणातील निकाल महाराष्ट्राचे सुपुत्र न्यायमूर्ती पी. बी. गजेंद्रगडकर यांनी लिहिला. उच्च न्यायालयाने एखादी याचिका गुणावगुणांवर विचार करून फेटाळली, तर तो निर्णय पक्षकारांवर बंधनकारक होतो आणि तोच वाद दुसऱ्या दाराने पुन्हा उपस्थित करता येत नाही. कायद्याच्या भाषेत यास प्राङ्न्याय म्हणतात. याचिका मागे घेतल्यामुळे निकाली निघाली असेल, तर हा अडसर उभा राहत नाही. प्रतिकूल निर्णय अंगावर घेण्यापेक्षा वेळीच याचिका मागे घेऊन योग्य ठिकाणी जाणे काही प्रसंगी हिताचे का ठरते, हे यावरून समजते.

मुभा जेवढी, हक्क तेवढा

न्यायालयाने दिलेली मुभा तिच्या शब्दांपुरतीच असते. गोवा राज्याविरुद्धच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली हा धडा घालून दिला. पक्षकाराने उच्च न्यायालयाच्या निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका केली होती. उच्च न्यायालयात पुनर्विलोकन अर्ज करता यावा, म्हणून ती त्याने मागे घेतली आणि तेवढी परवानगीही मिळाली. पुढे पुनर्विलोकन अर्ज फेटाळला गेला. तेव्हा तो मूळ निकालाविरुद्ध पुन्हा सर्वोच्च न्यायालयात आला. पुनर्विलोकनाची मुभा घेताना पुन्हा येथे येण्याची मुभा घेतलेली नव्हती, या कारणावरून त्याचे अपील टिकले नाही. केरळमधील बँकेच्या कर्जवसुलीच्या एका प्रकरणात, पहिली याचिका बिनशर्त मागे घेतलेली असताना केलेली दुसरी याचिका सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२४ मध्ये अशाच तत्त्वावर नाकारली.

येथे आणखी एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. न्यायालयाने "कायद्यानुसार उपलब्ध असलेल्या उपायांची मुभा" दिली, म्हणजे नवा हक्क निर्माण झाला, असे नाही. कायद्यात जो उपाय मुळातच नाही किंवा ज्याची मुदत केव्हाच संपून गेली आहे, तो अशा मुभेने जिवंत होत नाही. नव्या ठिकाणी गेल्यावर विरुद्ध पक्षाला मुदतीचा, अधिकारितेचा आणि इतर सर्व आक्षेप घेता येतात.

तसेच मागे घेतलेल्या दाव्याचा अडसर त्याच वादविषयापुरता असतो. वादविषय म्हणजे केवळ ती जमीन किंवा ती मालमत्ता नव्हे. ज्या घटनांच्या आधारे आणि ज्या मागणीसाठी दावा आणला गेला, त्यांचा त्यात समावेश होतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७० साली स्पष्ट केले आहे. त्यामुळे पुढे वेगळे वादकारण घडल्यास त्यासाठी नवा दावा आणता येतो.

मुदतीचा प्रश्न

हक्क राखून याचिका मागे घेणाऱ्यांची सर्वांत मोठी फसगत मुदतीच्या बाबतीत होते. आदेश २३, नियम २ असे सांगतो, की मुभा घेऊन आणलेल्या नव्या दाव्याची मुदत पहिला दावा जणू आणलाच नव्हता, अशा रीतीने मोजावयाची. समजा, एखाद्या मागणीसाठी तीन वर्षांची मुदत आहे. वादीने दोन वर्षे आठ महिन्यांनी दावा आणला, तो एक वर्ष चालला आणि नंतर मुभा घेऊन मागे घेतला. नवा दावा आणण्याच्या वेळी तीन वर्षे आठ महिने उलटलेले असतात. मुभेचा आदेश हातात असूनही नवा दावा मुदतबाह्य ठरतो.

या कठोर नियमास मुदत अधिनियम, १९६३ च्या कलम १४ मध्ये एक अपवाद आहे. वादीने पहिले प्रकरण सद्भावनेने आणि दक्षतेने चालविले असेल, ते त्याच विषयासंबंधी असेल आणि अधिकारितेचा अभाव किंवा तशाच स्वरूपाच्या कारणामुळे पहिले न्यायालय त्याची दखल घेऊ शकत नसेल, तर त्या प्रकरणात गेलेला काळ मुदतीतून वगळला जातो. न्यायालयाने नेमक्या याच कारणावरून मुभा दिली असेल, तर नियम २ मधील बंधन आड येत नाही, असे कलम १४ च्या पोटकलम ३ मध्ये म्हटले आहे. म्हणून मुभेच्या आदेशात केवळ परवानगीचा उल्लेख असून भागत नाही. परवानगी का दिली, याचाही उल्लेख असावा. "या न्यायालयास अधिकारिता नसल्याच्या कारणास्तव" हे शब्द पुढे कदाचित संपूर्ण दावा वाचवू शकतात.

काही विशेष कायद्यांतील मुदती याहूनही कडक आहेत. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण अधिनियम, २०१० च्या कलम १४ खालील अर्ज वादकारण प्रथम उद्भवल्यापासून सहा महिन्यांत करावा लागतो. नुकसानभरपाई व पुनर्स्थापनेच्या कलम १५ खालील अर्जासाठी पाच वर्षांची मुदत आहे. दोन्ही बाबतींत पुरेसे कारण दाखविल्यास जास्तीत जास्त ६० दिवसांची सवलत मिळू शकते. दुसऱ्या न्यायालयात काढलेली दोन वर्षे ही मुदत थांबवून ठेवतील, या भरवशावर कोणी राहू नये.

जिल्ह्यातील वादांना लागू होणारे उपाय

पालघर व बोईसर परिसरातील वादांपुरता विचार केला, तरी कोणत्या तक्रारीसाठी कोणते दार आहे, हे आधी ठरविण्याचे महत्त्व लक्षात येते.

राष्ट्रीय महामार्गासाठी जमीन गेली आणि सक्षम प्राधिकाऱ्याने ठरविलेला मोबदला मान्य नसेल, तर राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ च्या कलम ३-जी (५) नुसार केंद्र शासनाने नेमलेल्या लवादाकडे अर्ज करता येतो. भूसंपादन, पुनर्वसन व पुनर्वसाहत यांविषयीच्या २०१३ च्या कायद्याखालील निवाडा असेल, तर कलम ६४ प्रमाणे प्रकरण प्राधिकरणाकडे पाठविण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज करावा लागतो. निवाड्याच्या वेळी हजर असलेल्या व्यक्तीस त्यासाठी सहा आठवड्यांची मुदत असते. इतरांना नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जी मुदत आधी संपेल, ती लागू होते. पुरेसे कारण असल्यास जिल्हाधिकारी आणखी एक वर्षापर्यंतचा अर्ज स्वीकारू शकतात. मोबदल्याची रक्कम वाढवून मागणारी रिट याचिका थेट उच्च न्यायालयात गेली, तर हे मार्ग दाखवूनच ती परत पाठविली जाण्याचा संभव अधिक असतो आणि दरम्यान या मुदती चालूच असतात.

प्रदूषणाच्या बाबतीत हरित न्यायाधिकरण हे प्रमुख व्यासपीठ आहे. त्याच्या कक्षेतील वाद दिवाणी न्यायालयात नेता येत नाही. उच्च न्यायालयाची घटनात्मक अधिकारिता मात्र न्यायाधिकरणाच्या स्थापनेने संपुष्टात आलेली नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली सांगितले आहे. तरीही पर्यायी उपाय उपलब्ध असताना उच्च न्यायालय याचिकाकर्त्यास सामान्यतः तेथे जाण्यास सांगते. तारापूर औद्योगिक वसाहतीच्या सांडपाण्यामुळे खाडी व समुद्र दूषित होऊन मासेमारीवर परिणाम होत असल्याची तक्रार अखिल भारतीय मांगेला समाज परिषदेने २०१६ साली हरित न्यायाधिकरणापुढेच मांडली होती. त्या प्रकरणात न्यायाधिकरणाने जानेवारी २०२२ मध्ये वसाहतीतील उद्योग आणि सामाईक सांडपाणी प्रक्रिया केंद्र यांच्यावर पर्यावरणीय भरपाई बसविणारा आदेश दिला. न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध ९० दिवसांत सर्वोच्च न्यायालयात अपील करण्याची तरतूद कायद्यात आहे. तज्ज्ञांकडून पाहणी, नमुन्यांची तपासणी आणि भरपाईची आकारणी ही कामे जेथे होऊ शकतात, अशा ठिकाणी आरंभीच जाण्याचा लाभ यावरून दिसून येतो.

आदिवासींच्या जमिनी परत मिळविण्यासंबंधीच्या कायद्यांखालील निर्णय महसुली अधिकाऱ्यांकडे असतो. अशा जमिनीविषयी अजाणतेपणी दिवाणी दावा दाखल झाला असेल, तर तो तसाच पडू देण्याऐवजी अधिकारितेच्या कारणावरून आणि योग्य अधिकाऱ्याकडे जाण्याची मुभा घेऊन मागे घेणे श्रेयस्कर होय.

जनहित याचिकेचा अपवाद

एखाद्या व्यक्तीने अनेकांच्या वतीने केलेली जनहित याचिका मात्र सर्वस्वी तिची स्वतःची नसते. तुरुंगात ठेवलेल्या मुलांच्या प्रश्नावर पत्रकार शीला बारसे यांनी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली होती. सुनावणीतील विलंबाला कंटाळून त्यांनी ती मागे घेण्याची परवानगी मागितली. न्यायालयाने १९८८ साली ती नाकारली. अशा प्रकरणात खरे हितसंबंध त्या मुलांचे आहेत आणि याचिकाकर्तीच्या इच्छेवर त्यांचे हक्क सोडून देता येणार नाहीत, अशी न्यायालयाची भूमिका होती. त्यांना याचिकाकर्ती म्हणून वगळून प्रकरण विधि साहाय्य समितीमार्फत पुढे चालविण्यात आले. गावकऱ्यांच्या किंवा मच्छीमारांच्या वतीने याचिका करणाऱ्या संस्थांनी हे ध्यानात ठेवावे. ज्यांच्या नावाने याचिका केली, त्यांना विश्वासात घेतल्याशिवाय ती मागे घेण्याचा विचार करू नये.

अर्ज करताना घ्यावयाची काळजी

याचिका मागे घेण्याचा निर्णय शक्यतो सुनावणीच्या क्षणी घाईने होऊ नये. पर्यायी उपायाचा आक्षेप विरुद्ध पक्षाच्या उत्तरात आलेला असेल, तर त्याचा विचार आधीच करून ठेवावा. दिवाणी न्यायालयात दावा काढून घेण्यासाठी पुरसीस दिली जाते. नवा दावा आणावयाचा असेल, तर साधी पुरसीस पुरेशी नाही. आदेश २३, नियम १ (३) चा उल्लेख करून, दोष कोणता आहे हे सांगणारा स्वतंत्र अर्ज द्यावा. मुभा देणे न्यायालयास योग्य न वाटल्यास दावा मागे घेतलेला समजू नये व तो पुढे चालवावा, अशी विनंतीही त्याच अर्जात करावी. अन्यथा दावाही गेला आणि मुभाही मिळाली नाही, अशी स्थिती ओढवू शकते.

उच्च न्यायालयातील याचिकेच्या बाबतीत वकिलांनी मागावयाच्या आदेशाचा आशय साधारणतः असा असावा : याचिकाकर्त्यास याचिका मागे घेण्याची परवानगी देण्यात येत आहे, अमुक कायद्याच्या अमुक कलमाखाली अमुक प्राधिकाऱ्याकडे जाण्याची त्यास मुभा राहील, वादाच्या गुणावगुणांवर न्यायालयाने मत व्यक्त केलेले नाही, उभय पक्षांचे सर्व मुद्दे खुले आहेत, आणि या न्यायालयात ज्या तारखेपासून ज्या तारखेपर्यंत प्रकरण प्रलंबित होते, तो काळ वगळण्याच्या मागणीचा संबंधित प्राधिकाऱ्याने कायद्यानुसार विचार करावा.

यात आणखी एका गोष्टीची भर घालावी लागते. याचिकेत अंतरिम स्थगिती मिळालेली असेल, तर याचिका मागे घेताच ती संपते. घर पाडण्याची किंवा जमिनीचा ताबा घेण्याची कारवाई त्याच स्थगितीमुळे थांबलेली असेल, तर नव्या ठिकाणी जाईपर्यंत, म्हणजे काही आठवड्यांसाठी, ती चालू ठेवण्याची विनंती त्याच वेळी केली पाहिजे. न्यायालयाने मान्य केलेला कालावधी आदेशात लिहिला गेला आहे, याची खात्री करून घ्यावी.

आदेश झाल्यानंतर त्याची प्रमाणित नक्कल त्वरित मागवावी. दिवाणी न्यायालयात प्रकरणाचा रोजनामाही पाहावा. तोंडी मागितलेली मुभा आदेशात उतरलेली नसेल, तर दुरुस्तीचा अर्ज लगेच करणे सोपे असते. वर्ष-दोन वर्षांनी विरुद्ध पक्षाने आक्षेप घेतल्यावर ते फार कठीण होते. नवा अर्ज करताना जुन्या याचिकेची आणि ती मागे घेतल्याची माहिती लपवू नये. ही वस्तुस्थिती लपविली, तर केवळ त्याच कारणावरून अर्ज नाकारला जाऊ शकतो.

विनामूल्य साहाय्य

या सर्व बाबी सांभाळण्यासाठी जाणकार वकिलाची गरज असते आणि खर्चाअभावी ती भागत नाही, ही अनेकांची अडचण आहे. विधि सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्ती, स्त्रिया, मुले, दिव्यांग व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना विनामूल्य विधि साहाय्य मिळण्याचा हक्क आहे. पालघर जिल्ह्यातील आदिवासी बांधव, मासळी विकणाऱ्या भगिनी आणि तारापूर वसाहतीतील कामगार यांचा मोठा वर्ग या व्याख्येत येतो. तालुका न्यायालयातील विधि सेवा समितीकडे साधा अर्ज करता येतो. राष्ट्रीय विधि सेवा प्राधिकरणाच्या १५१०० या निःशुल्क दूरध्वनी क्रमांकावरूनही मार्गदर्शन मिळते. याचिका दाखल करण्यापूर्वीच हा सल्ला घेतल्यास ती चुकीच्या ठिकाणी जाण्याचा आणि पुढे मागे घेण्याचा प्रसंग बहुधा टळतो.

याचिका मागे घेणे म्हणजे पराभव पत्करणे नव्हे. योग्य ठिकाणी दाद मागण्यासाठी घेतलेले ते एक पाऊल असू शकते. मात्र ते टाकण्यापूर्वी पक्षकाराने आपल्या वकिलास तीन प्रश्न अवश्य विचारावेत : यापुढे कोणाकडे जावयाचे आहे, तेथे जाण्याची मुभा आदेशात लिहिली जाणार आहे काय, आणि तेथील मुदत कोणत्या तारखेस संपते? या तीन प्रश्नांची उत्तरे हाती असतील, तर बोईसरचा कामगार किंवा किनाऱ्यावरील मच्छीमार न्यायालयातून रिकाम्या हाताने परतणार नाही. त्याच्या हक्काचा मार्ग पुढेही खुला राहील.